सात सामन्यांचा खेळाडू, साठ वर्षांचा पारखी

अमेरिकन बेसबॉलच्या जाडजूड नोंदवहीत ह्यू अलेक्झांडर या नावापुढे एकच ओळ सापडते. साल १९३७, संघ क्लीव्हलंड इंडियन्स, सामने सात, फलंदाजीच्या संधी अकरा, त्यात हिट एक. एवढंच. त्या ओळीखाली दुसरी ओळ कधी आलीच नाही.

बेसबॉल आपल्याकडे फारसा खेळला जात नाही, म्हणून ‘हिट’ म्हणजे काय ते आधी सांगायला हवं. एका चौकोनाच्या चार कोपऱ्यांवर चार ‘बेस’ असतात. एका बेसपासून दुसऱ्यापर्यंतचं अंतर नव्वद फूट. साठ फूट सहा इंचांवरून पिचर टप्पा न पाडता चेंडू फेकतो. फलंदाजानं तो असा टोलवायचा की झेल जाऊ नये आणि चेंडू परत येण्याआधी निदान पहिला बेस गाठता यावा. जमलं की एक हिट. ऐकायला सोपं वाटतं, पण दहादा उभं राहून तीनदा हिट काढणारा फलंदाज तिथे उत्तम समजला जातो. अलेक्झांडरचं प्रमाण पडलं अकरात एक. क्रिकेटच्या भाषेत बोलायचं तर एका कसोटीत दहा-बारा धावा करून पुन्हा न दिसलेल्या खेळाडूंच्या रांगेतला हा माणूस.

अशा खेळाडूंना सहसा कुणी लक्षात ठेवत नाही. अलेक्झांडरचं नाव मात्र बेसबॉलच्या वर्तुळात पुढची साठ वर्षं घेतलं गेलं, ते मैदानाबाहेर बसणारा माणूस म्हणून. गावोगावची पोरं पाहायची आणि त्यांतलं कोणतं पुढे जाईल ते सांगायचं, हे त्याचं काम. तिकडे अशा माणसाला स्काऊट म्हणतात. सराफाला सोनं कळतं, गुरांच्या बाजारातल्या जाणत्याला बैल कळतो, तसा स्काऊटला मुलगा कळावा लागतो. अलेक्झांडरला तो कळत असे. आणि एकदा, ज्याच्यासारखा मुलगा पिढीत एखादाच निपजतो त्याची पारख करायची वेळ आली, तेव्हा तो त्याला पाहायलाही थांबला नाही. त्याची गोष्ट या दोन्हींसाठी वाचण्यासारखी आहे.

तेलाच्या गावचा पोरगा

ह्यूचा जन्म १० जुलै १९१७ चा, मिसुरी राज्यातल्या बफेलो गावचा. वाढला मात्र ओक्लाहोमा राज्यातल्या सेमिनोलमध्ये. १९२६ मध्ये सेमिनोलच्या आसपास जमिनीतून तेल उसळलं आणि लहानसं गाव बघता बघता फुगलं. जिकडेतिकडे विहिरींचे मनोरे उभे राहिले, कामाच्या शोधात माणसांचे लोंढे आले. पुढे १९२९ नंतर साऱ्या अमेरिकेला मंदीनं ग्रासलं, तेव्हाही तेलाच्या विहिरीवर हाताला काम मिळण्याची आशा असायची.

ह्यू अंगापिंडानं मजबूत, सहा फूट उंच, धावण्यात चपळ. मैदानात त्याची जागा आऊटफिल्डमध्ये, म्हणजे आपल्या सीमारेषेजवळच्या क्षेत्ररक्षकासारखी. शाळा संपताच क्लीव्हलंडनं त्याला करारबद्ध केलं.

अमेरिकेतला व्यावसायिक बेसबॉल शिडीसारखा रचलेला आहे. खाली लहान गावांच्या लीग, त्यांच्यावर मोठ्या शहरांच्या आणि सर्वांत वर मेजर लीग. १९३७ मध्ये मेजर लीगमध्ये सोळा संघ होते, म्हणजे साऱ्या देशात मिळून जेमतेम चारशेच्या आसपास जागा. खालच्या पायऱ्यांवर मात्र हजारो तरुण घाम गाळत. रात्र बसमध्ये, दुपार मैदानात आणि पगार पोटापुरता. बहुतेकांचं आयुष्य याच पायऱ्यांवर सरे. ह्यूनं मात्र खालच्या लीगमध्ये अशी फटकेबाजी केली की दोनच हंगामांत क्लीव्हलंडचं बोलावणं आलं. तेव्हा तो अवघा वीस वर्षांचा होता.

त्याच संघात बॉब फेलर नावाचा अठरा वर्षांचा पिचर होता. तुफानी वेगाच्या फेलरनं आदल्याच वर्षी, शाळा पुरी व्हायच्या आत, मेजर लीगमध्ये सुरुवातीपासून टाकलेल्या पहिल्याच सामन्यात पंधरा फलंदाजांना माघारी धाडलं होतं. अशा संघाच्या गणवेशात वीस वर्षांचा ह्यू सात सामन्यांत उतरला. एक हिट निघाली, बाकी वेळा हात हलवत परतावं लागलं. तरी कुणाच्या कपाळाला आठी पडली नसावी. हंगामाच्या शेवटी आलेला नवखा पोरगा, थोडा बुजणारच. पुढच्या वर्षी पाहू.

ते पुढचं वर्ष आलंच नाही.

त्या काळी खेळाडूंना पगार हंगामापुरताच मिळे. थंडीचे महिने ज्यानं त्यानं आपल्या पोटाची सोय पाहायची. कुणी दुकानात उभा राही, कुणी शेतावर जाई. ह्यू आपल्या मुलखात परतला आणि तेलाच्या विहिरीवर कामाला लागला. १९३७ च्या डिसेंबरात तिथल्या यंत्रात त्याचा डावा हात सापडला. पंजा पार चिरडला गेला आणि तो कापून टाकावा लागला.

उजव्या हातानं चेंडू फेकणारा खेळाडू झेलण्याचा हातमोजा डाव्या हातात घालतो. बॅट धरायलाही दोन्ही हात लागतात. एका दिवसात दोन्ही गेलं. वय वर्षं वीस!

दोन महिन्यांपूर्वी ज्याच्याकडे सारं गाव कौतुकानं पाहत होतं, त्या पोराकडे आता माणसं कशी पाहत असतील, ते आपल्याकडच्या वाचकाला वेगळं सांगायला नको. हळहळ खरी असते, पण तिच्यात एक निकालही दडलेला असतो. ‘संपलं बिचाऱ्याचं’ असा.

एका अपयशी पिचरची नजर

क्लीव्हलंडचा सारा कारभार त्या वेळी सी स्लॅपनिका नावाच्या जनरल मॅनेजरच्या हाती होता. हा गृहस्थही एके काळचा पिचर. मेजर लीगमध्ये १९११ आणि १९१८ अशा दोनच हंगामांत तो दिसला, तोही मोजक्या सामन्यांत. खेळाडू म्हणून त्याला कुणी ओळखत नव्हतं. पण आयोवा राज्यातल्या व्हॅन मीटर या खेड्यात शेतकऱ्याचा एक पोरगा विलक्षण वेगानं चेंडू फेकतो, हे त्यानं स्वतः जाऊन पाहिलं आणि त्या पोराला तिथल्या तिथे करारबद्ध केलं. तोच हा फेलर. त्या कराराची किंमत होती एक डॉलर आणि संघातल्या खेळाडूंच्या सह्या असलेला एक चेंडू!

याच क्लबनं हात गमावलेल्या ह्यूला स्काऊटची नोकरी देऊ केली. यात दया किती आणि हिशेब किती, ते आज कोण सांगणार? पण एक गोष्ट उघड आहे. या धंद्यात मोठे खेळाडू क्वचितच येत आणि आले तरी रमत नसत. ज्याला उपजत सारं जमतं, त्याला ते कसं जमतं हे सांगता येतंच असं नाही. जो धडपडून वर चढला आणि घसरला, त्याला मात्र शिडीची प्रत्येक पायरी ठाऊक असते. कुठे पाय निसटतो, वरच्या लीगचा चेंडू खालच्यापेक्षा किती वेगळा येतो, हे त्यानं अंगावर घेतलेलं असतं. बेसबॉलमधले कित्येक नाणावलेले स्काऊट असेच, अर्ध्यावर राहिलेले खेळाडू होते.

अशा रीतीनं वयाच्या विसाव्या वर्षी ह्यू अलेक्झांडर स्काऊट झाला. ज्या मुलांना तो पाहायला जाई, त्यांच्यातली काही त्याच्याच वयाची असत.

काय काम असे हे? मुख्यतः मोटार चालवण्याचं. सकाळी एका गावच्या शाळेचा सामना, दुपारी दुसऱ्या गावी कारखान्याच्या संघाचा, संध्याकाळी तिसरीकडे. मध्ये शेकडो मैल धुळीचा रस्ता. प्रत्येक मुलखात स्काऊटची खबर देणारी माणसं असत. कुणी शाळामास्तर, कुणी न्हावी, कुणी पेट्रोल पंपवाला. त्यांना तिकडे गमतीनं ‘बर्ड डॉग’ म्हणतात. शिकाऱ्यापुढे पळून पाखराचा वास काढणारा कुत्रा तो. त्यांच्याकडून एखादं नाव मिळालं की ते कागदावर टिपायचं आणि गाडी तिकडे वळवायची.

मैदानावर पाच गोष्टी पाहायच्या. पोरगा धावतो कसा, फेकतो कसा, अडवतो कसा, हिट काढतो का आणि लांब टोलवतो का. धावणं घड्याळ लावून मोजता येतं. फेकणं डोळ्याला दिसतं. पण सतरा वर्षांच्या पोराचे खांदे पंचविसाव्या वर्षी किती भरतील, चार वेळा अपयश आल्यावर तो पाचव्यांदा उभा राहील की कोसळेल, हे कोणत्या घड्याळात दिसणार? तिथे अनुभवी नजरेला पर्याय नव्हता. सामना संपला तरी काम संपत नसे. मुलाच्या घरी जायचं, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून आईनं पुढे केलेला केक खायचा, बापाशी पीकपाण्याचं बोलायचं आणि दुसऱ्या क्लबचा स्काऊट दारात यायच्या आत सही घ्यायची. १९६५ पर्यंत नियमच तसा होता. शाळा संपलेल्या मुलाला जो आधी गाठेल आणि पटवेल, त्याचा तो.

भालाफेक्या पिचर

अलेक्झांडरच्या नजरेची साक्ष लवकरच मिळाली. ओक्लाहोमातल्याच स्टिलवॉटर गावच्या कृषी महाविद्यालयात ॲली रेनॉल्ड्स नावाचा तरुण शिकत होता. मस्कोगी क्रीक या मूळ अमेरिकन जमातीचं रक्त त्याच्या अंगात होतं. नाव होतं ते अमेरिकन फुटबॉलमध्ये, आणि मैदानी खेळांत तो भाला फेकत असे. महाविद्यालयाचे प्रशिक्षक हेन्री आयबा यांनी त्याला भाला फेकताना पाहिलं आणि आमच्या फलंदाजांना सरावासाठी थोडे चेंडू टाकशील का, असं विचारलं. त्यानं टाकले. फलंदाजांना ते खेळता येईनात. पिचर म्हणून रेनॉल्ड्सची सुरुवात झाली ती अशी.

अलेक्झांडरनं त्याला हेरलं आणि १९३९ मध्ये क्लीव्हलंडसाठी करारबद्ध केलं. व्यावसायिक फुटबॉलचं दारही रेनॉल्ड्सला उघडं होतं, पण त्यानं बेसबॉल निवडला. गंमत अशी की रेनॉल्ड्सचा जन्म फेब्रुवारी १९१७ चा. म्हणजे ज्यानं निवडलं त्याच्यापेक्षा, ज्याला निवडलं तो पाच महिन्यांनी मोठा होता. एकाचं मैदानावरचं आयुष्य संपलेलं आणि दुसऱ्याचं अजून सुरू व्हायचं होतं. आपल्या वयाच्या तरुणाच्या धडधाकट हातांकडे पाहताना अलेक्झांडरच्या मनात काय येत असेल? पण पारख्याला असूया परवडत नाही. मत्सरानं पाहणाऱ्याला दोषच दिसतात आणि त्याच्या क्लबचं नुकसान होतं.

भाला फेकणारा खांदा चेंडूही वेगानं फेकू शकतो, ही गोष्ट पुढे आपल्या देशाच्याही कामी आली. २००८ मध्ये काही अमेरिकन मंडळींनी भारतात ‘मिलियन डॉलर आर्म’ नावाची स्पर्धा घेतली. त्यातून पुढे आलेली रिंकू सिंग आणि दिनेश पटेल ही उत्तर प्रदेशातली दोन्ही मुलं भालाफेकीतलीच होती. आयुष्यात कधी बेसबॉल न पाहिलेल्या या दोघांना त्याच वर्षी पिट्सबर्ग पायरेट्सनं करारबद्ध केलं. मेजर लीगपर्यंत ती पोहोचली नाहीत, पण शिडीवर त्यांनी पाय ठेवला, हेही काही थोडं नव्हे.

रेनॉल्ड्स १९४२ मध्ये मेजर लीगमध्ये आला. मेजर लीगमधली त्याची एकूण कमाई १८२ विजयांची. त्याचं सोनेरी पर्व मात्र क्लीव्हलंडच्या नशिबी नव्हतं. १९४६ च्या अखेरीस क्लीव्हलंडनं जो गॉर्डन या खेळाडूच्या बदल्यात त्याला न्यूयॉर्क यांकीजला देऊन टाकलं.

वाऱ्यावर उडालेली चिठ्ठी

१९४० चं दशक संपत आलं होतं. अलेक्झांडरच्या हाती ओक्लाहोमाच्या ईशान्य कोपऱ्यातल्या कॉमर्स गावच्या एका शाळकरी मुलाचं नाव आलं. नेहमीप्रमाणे ते कागदावर टिपून तो गावात पोहोचला आणि थेट शाळेत गेला. मुख्याध्यापकांकडे चौकशी केली. मुलगा चांगला आहे, पण फुटबॉल खेळताना पायाला मार बसला आणि पायाचं दुखणं जडलं आहे, असं त्यांनी सांगितलं.

अलेक्झांडरनं विचार केला. दोन्ही पाय धड असलेल्या मुलांनाही मेजर लीग गाठणं दुरापास्त. तिथे दुखऱ्या पायाच्या पोराचं काय होणार? तो बाहेर आला, गाडीजवळ पोहोचला आणि हातातली चिठ्ठी त्यानं टाकून दिली. शाळेच्या आवारातून ती वाऱ्यावर उडत गेली. मुलाला न पाहताच तो पुढच्या गावाला निघून गेला.

त्या चिठ्ठीवरचं नाव होतं मिकी मॅन्टल!

मुख्याध्यापकांनी सांगितलेलं खोटं नव्हतं. मॅन्टलचे वडील जस्त आणि शिशाच्या खाणीत राबणारे. मुलानं बेसबॉलपटू व्हावं ही त्यांची इतकी तीव्र इच्छा की त्यांनी त्याचं नावच मिकी कॉक्रेन या खेळाडूवरून ठेवलं. लहानपणापासून त्यांनी त्याला उजव्या आणि डाव्या, दोन्ही बाजूंनी फलंदाजी करायला शिकवलं. १९४६ मध्ये फुटबॉलच्या सरावात मिकीच्या नडगीवर लाथ बसली आणि हाडाला जंतुसंसर्ग झाला. पाय कापावा लागेल, इथपर्यंत गोष्ट गेली. आईनं नकार दिला. त्या सुमाराला नव्यानेच हाती आलेल्या पेनिसिलीननं पाय वाचवला. दुखणं कायमचं गेलं नाही. पुढे याच कारणावरून सैन्यभरतीत त्याला अपात्र ठरवलं गेलं.

१९४९ मध्ये यांकीजचे स्काऊट टॉम ग्रीनवेड यांनी मॅन्टलला करारबद्ध केलं. ग्रीनवेड आधी दुसऱ्याच एका मुलाला पाहायला म्हणून आले होते आणि मैदानावर त्यांची नजर मिकीवर पडली. तेही खालच्या लीगमध्येच राहिलेले एक पिचर! पगार धरून साऱ्या सौद्याची किंमत होती सुमारे दीड हजार डॉलर.

पुढचा इतिहास अमेरिकेत शाळकरी पोरंही सांगतात. मॅन्टल १९५१ ते १९६८ अशी अठरा वर्षं यांकीजकडून खेळला. ५३६ होमरन, म्हणजे आपल्या षटकारासारखे मैदानापार गेलेले फटके, त्याच्या नावावर आहेत. तीनदा तो लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. आणि हे सारं आयुष्यभर दुखणाऱ्या पायांवर. कित्येकदा मांडीपासून पोटरीपर्यंत पट्ट्या गुंडाळून तो मैदानात उतरत असे.

नियतीनं अलेक्झांडरची थट्टा तरी किती करावी! १९५१ मध्ये मॅन्टल यांकीजमध्ये आला, तेव्हा त्याच संघात ॲली रेनॉल्ड्स होता. त्याच वर्षी रेनॉल्ड्सनं प्रतिस्पर्ध्यांना एकही हिट न देता दोन सामने जिंकले. एक अलेक्झांडरनं शोधलेला, दुसरा अलेक्झांडरनं न पाहता सोडलेला, आणि दोघांच्याही अंगावर यांकीजचा गणवेश. १९५१, १९५२ आणि १९५३ अशी सलग तीन वर्षं यांकीजनं वर्ल्ड सिरीज जिंकली. आणि या तिन्ही वर्षी त्यांच्या लीगमध्ये दुसऱ्या क्रमांकावर कोण होतं? क्लीव्हलंड.

ही चिठ्ठीची गोष्ट जगाला कळली ती खुद्द अलेक्झांडरकडून. केव्हिन केरेन या इंग्रजीच्या प्राध्यापकानं स्काऊटांबरोबर फिरून ‘डॉलर साइन ऑन द मसल’ नावाचं पुस्तक लिहिलं, ते १९८४ मध्ये निघालं. त्यात अलेक्झांडरनं ती आडपडदा न ठेवता सांगितली आहे. चिठ्ठी वाऱ्यावर उडत गेली, हा तपशीलही त्याचाच. इतक्या वर्षांनंतर कागदाचं उडणं आठवतं, म्हणजे ते मनात किती खोल रुतलं असेल!

त्याच्या बाजूनंही बोलायला हवं. स्काऊटच्या खिशात अशा नावांचे शेकडो कागद असतात. दर कागदामागे धावायचं म्हटलं तर आयुष्य पुरणार नाही. हाडाचा संसर्ग तेव्हा गंभीरच समजला जाई. बातमी देणारा माणूसही जबाबदार, शाळेचा मुख्याध्यापक. त्या दिवशी अलेक्झांडरनं केलं ते दुसऱ्या कुणीही केलं असतं.

पण तो दुसरा कुणी नव्हता, हीच तर बोचणी आहे. शरीराच्या एका अवयवावरून ज्याचं आयुष्य वीसाव्या वर्षी निकालात निघालं होतं, तोच हा माणूस. आपल्यावर बेतलेलं दुःख माणसाला दुसऱ्याचं दुःख ओळखायला शिकवतं असं आपण म्हणतो. ते खरं असेलही. पण कधी कधी तेच दुःख माणसाला घाबरवूनही सोडतं. जायबंदी शरीराला हा खेळ कसा दूर लोटतो हे अलेक्झांडरनं स्वतः भोगलं होतं. म्हणूनच कदाचित त्या मुलाच्या पायाचं ऐकताच त्याच्या लेखी पुढचं सारं ठरून गेलं असावं.

अंकल ह्यूई

एवढी मोठी चूक एखाद्याला कायमची घरी बसवायला पुरेशी होती. अलेक्झांडर मात्र रस्त्यावरच राहिला. १९५० च्या दशकात तो शिकागो व्हाइट सॉक्सकडे गेला, तिथून डॉजर्सकडे. वय वाढत गेलं तसे बेसबॉलच्या दुनियेत ते सर्वांचे ‘अंकल ह्यूई’ झाले. त्यांनी डॉजर्सचं काम केलं त्या काळात तो संघ ब्रुकलिन सोडून लॉस एंजेलिसला गेला आणि १९५९, १९६३ व १९६५ मध्ये वर्ल्ड सिरीज जिंकला. पुढे १९७० च्या दशकात त्यांना फिलाडेल्फिया फिलीजनं बोलावून घेतलं.

दरम्यान धंदा पार बदलला होता. १९६५ पासून ‘ड्राफ्ट’ आला. देशभरच्या मुलांतून क्लबांनी पाळीपाळीनं निवड करायची, दुबळ्या संघाला आधी संधी. म्हणजे स्काऊटनं मुलगा शोधला, त्याच्या आईबापांना आपलंसं केलं, तरी पाळी येण्याआधी दुसराच क्लब त्याला उचलून नेऊ शकतो. १९७० च्या दशकात पोलिसांची वेग मोजणारी रडार गन मैदानावर आली. चेंडूचा वेग डोळ्यांनी जोखणारी जुनी मंडळी एकदम जुनी वाटू लागली.

अलेक्झांडर नव्या काळाशी भांडत बसले नाहीत. फिलीजनं त्यांना वेगळं काम दिलं. शाळकरी मुलांऐवजी दुसऱ्या क्लबांचे तयार खेळाडू पाहायचे. कोण उतरणीला लागलाय, कुणाला चुकीच्या जागी खेळवून वाया घालवताहेत, कुणाच्या बदल्यात कोण घ्यावा, याचा सल्ला जनरल मॅनेजर पॉल ओवेन्स यांना द्यायचा. फिलीज हा क्लब १८८३ मधला. जवळजवळ शंभर वर्षांत त्याला एकदाही वर्ल्ड सिरीज जिंकता आली नव्हती. ती १९८० मध्ये जिंकली. विजयाच्या फोटोत स्काऊट नसतो. तो त्या वेळी दुसऱ्या कुठल्या तरी मैदानावर, पुढच्या वर्षाच्या खेळाडूंची टिपणं काढत असतो.

त्यानंतर शिकागो कब्ज. सत्तरी उलटली, तरी अलेक्झांडर प्रेक्षकांत बसून खेळाडू पाहत होते. १९९० च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी काम थांबवलं आणि २५ नोव्हेंबर २००० रोजी, वयाच्या ८३ व्या वर्षी त्यांचं निधन झालं. सात सामन्यांच्या खेळाडूनं बेसबॉलमध्ये साठ वर्षं काढली होती.

स्काऊट मंडळींचं काम असं पडद्याआडच राहतं. २०१३ मध्ये कूपर्सटाऊनच्या बेसबॉल संग्रहालयात ‘डायमंड माइन्स’ नावाचं स्काऊटांवरचं प्रदर्शन भरलं आणि त्यांचे जुने अहवाल लोकांना पाहायला मिळाले. तोवर हे कागद क्लबांच्या कपाटांत पडून होते. त्यांत पुढे महान ठरलेल्या खेळाडूंना नापास करणारे शेरे आहेत, तसेच कुणाला आठवतही नाहीत अशा मुलांचे भरभरून गुणगानही आहे.

न पाहता दिलेला निकाल

अलेक्झांडरच्या उमेदीच्या काळात, हात गेला म्हणजे खेळ संपला यात कुणालाच शंका नव्हती. पण १९४५ मध्ये, बरेचसे खेळाडू महायुद्धावर गेलेले असताना, सेंट लुइस ब्राऊन्सकडून पीट ग्रे नावाचा एकाच हाताचा आऊटफिल्डर मेजर लीगमध्ये ७७ सामने खेळला. आणि जिम ॲबट तर उजव्या पंजाशिवायच जन्मलेला. डाव्या हातानं चेंडू फेकून निमिषात तोच हात मोज्यात घालण्याचं कसब त्यानं लहानपणापासून कमावलं होतं. ४ सप्टेंबर १९९३ रोजी यांकीजकडून खेळताना या ॲबटनं प्रतिस्पर्ध्यांना संपूर्ण सामन्यात एकही हिट दिली नाही. प्रतिस्पर्धी होता क्लीव्हलंड. तेव्हा अलेक्झांडर शहात्तर वर्षांचे होते आणि अजून नोकरीत होते.

म्हणून वीस वर्षांचा ह्यू एका हातानं मेजर लीग खेळू शकला असता, असं नव्हे. तसं म्हणणं भाबडेपणाचं होईल. पण कोणत्या उणिवेवर कोण कशी मात करील, हे उणिवेच्या नुसत्या नावावरून कळत नाही, एवढं मात्र खरं. त्यासाठी त्या माणसाला निदान एकदा मैदानात पाहावं लागतं. ग्रीनवेड यांनी काही चमत्कार केला नव्हता. मॅन्टल खेळत होता तेव्हा ते मैदानावर होते, इतकंच.

आपल्या घराघरांतही हा पारख्याचा धंदा वर्षभर चालूच असतो. दहावीची गुणपत्रिका पाहून कुणी तरी सांगतं, याला सायन्स झेपणार नाही. मुलीचा फोटो आणि पत्रिका पाहून निरोप येतो, योग नाही. नोकरीच्या अर्जावर मधली दोन वर्षं रिकामी दिसली की कागद बाजूला पडतो. ती दोन वर्षं आजारी आईच्या उशाशी गेली, हे विचारायला कुणाला सवड नसते. सांगणारी माणसं बहुधा जाणती असतात, माहितीही खोटी नसते. मुख्याध्यापकांनी अलेक्झांडरला सांगितलेलंही खोटं नव्हतंच.

पारख करताना चुका व्हायच्याच. अलेक्झांडर यांनी पाहून नाकारलेली आणि पुढे चमकलेली मुलंही असतील. त्यांच्याबद्दल पारख्याला फार वाईट वाटून घेण्याचं कारण नाही. तो गेला, त्यानं पाहिलं, त्याची नजर चुकली. मॅन्टलचं तसं नव्हतं. तिथे नजर चुकायला नजर टाकलीच गेली नव्हती. साठ वर्षांत शेकडो मैदानं पालथी घातलेल्या या माणसानं आपल्या सगळ्या यशांपेक्षा हीच एक गोष्ट मोकळेपणानं सांगून ठेवली, हा त्याचा मोठेपणा. कॉमर्सच्या शाळेतून मैदानापर्यंत जायला त्याला त्या दिवशी फार तर एक दुपार लागली असती.